लंडन ऑलिम्पिकच्या मैदानात गवतातून धुराडी उगवली, त्यामागं ६० वर्षांपूर्वी गेलेला एक डॉक्युमेंट्रीवाला होता

२७ जुलै २०१२. लंडन ऑलिम्पिकचं उद्घाटन.

आपल्याकडं तेव्हा रात्रीचा दीड वाजून गेला होता, पण सुशील कुमार तिरंगा घेऊन मैदानात येणार म्हणून कित्येक जण डोळे ताणून टीव्हीसमोर बसले होते. खेळाडूंचं संचलन सुरू व्हायच्या आधी मात्र मैदानात एक वेगळाच प्रकार घडला.

स्टेडियमच्या मधोमध आधी हिरवंगार गाव दिसत होतं. शेतं, मेंढ्या, क्रिकेट खेळणारी गावकरी मंडळी. मग ढोल वाजायला लागले. शेकडो कामगार मैदानात घुसले, त्यांनी गवत अक्षरशः गुंडाळून नेलं आणि जमिनीतून कारखान्यांची उंचच उंच धुराडी वर आली. शेवटी तापलेल्या लोखंडाचं एक कडं तयार झालं, ते वर उचललं गेलं, बाकीची चार कडी त्याला येऊन मिळाली आणि हवेत ऑलिम्पिकचं चिन्ह पूर्ण झालं.

हा सगळा सोहळा बसवला होता डॅनी बॉयलनं. हो, तोच, मुंबईत येऊन ‘स्लमडॉग मिलेनियर’ बनवणारा.

या धुराड्यांच्या भागाला बॉयलनं नाव दिलं होतं ‘पॅन्डेमोनियम’. ते त्यानं एका पुस्तकावरून घेतलं होतं. कार्यक्रमाचा लेखक फ्रँक कॉट्रेल-बॉइस यानं ते पुस्तक बॉयलच्या हातात ठेवलं आणि तिथून ही कल्पना आकाराला आली.

पुस्तक ज्यानं जमवलं तो माणूस मात्र १९५० मध्येच गेला होता. ते पुस्तक छापून आलेलं त्यानं स्वतः कधी पाहिलंच नाही.

त्याचं नाव हम्फ्री जेनिंग्ज. चित्रकार, कवी, फोटोग्राफर आणि ब्रिटनचा सगळ्यात मोठ्या डॉक्युमेंट्रीवाल्यांपैकी एक. दुसऱ्या महायुद्धातलं लंडन आज जगाला ज्या चित्रांमधून आठवतं, त्यातली बरीच चित्रं या माणसाच्या कॅमेऱ्यातून आली आहेत. त्याचीच ही गोष्ट.

आई चित्रकार, बाप आर्किटेक्ट

१९ ऑगस्ट १९०७. इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरचं वॉल्बर्सविक नावाचं एक छोटं गाव. तिथं हम्फ्रीचा जन्म झाला. वडील आर्किटेक्ट, आई चित्रकार. घरात रंग, नकाशे आणि गप्पांना तोटा नव्हता.

शिक्षण केंब्रिजला झालं. पेम्ब्रोक कॉलेजात इंग्रजी साहित्य घेतलं आणि पोरगं पहिल्या वर्गात पास झालं. पण नुसता अभ्यास करणाऱ्यातलं ते नव्हतंच. नाटकांचे सेट कर, कपडे डिझाईन कर, चित्रं काढ, कविता लिही, असं सगळं एकाच वेळी चालू.

विल्यम एम्पसन आणि जेकब ब्रोनोव्स्की यांच्याबरोबर त्यानं ‘एक्सपेरिमेंट’ नावाचं मासिक काढलं. एम्पसन पुढं मोठा समीक्षक झाला. ब्रोनोव्स्की गणिताचा माणूस, त्यानं १९७३ मध्ये ‘द असेंट ऑफ मॅन’ ही विज्ञानावरची गाजलेली टीव्ही मालिका केली. म्हणजे कट्ट्यावरचे दोस्त काय तोडीचे होते बघा.

१९२९ मध्ये हम्फ्रीनं सिसिली कूपरशी लग्न केलं. पुढं दोन मुली झाल्या. तो टॉमस ग्रे या कवीवर संशोधन करत होता, ते अर्धवट राहिलं. चित्रं काढत होता, ती फारशी विकली जात नव्हती.

थोडक्यात, डोक्यात शंभर गोष्टी आणि खिशात काहीच नाही.

पोस्टानं नोकरी दिली

आता तुम्ही म्हणाल, असा माणूस सिनेमात कसा आला? तर त्याला सिनेमात आणलं चक्क पोस्ट खात्यानं.

त्या काळी ब्रिटनच्या पोस्टाचं स्वतःचं फिल्म युनिट होतं. टपाल, टेलिफोन, बचत या सगळ्याची माहिती लोकांना द्यायची तर सिनेमा हे साधन भारी आहे, हे सरकारच्या लक्षात आलं होतं. युनिटचा प्रमुख होता जॉन ग्रिअर्सन. डॉक्युमेंट्री या शब्दाला सिनेमात आजचा अर्थ मिळाला तो मुख्यतः याच माणसामुळं.

१९३४ मध्ये जेनिंग्ज या युनिटमध्ये लागला. सुरुवातीला सेट कर, एडिटिंग कर, छोट्या फिल्म कर, अशी पडेल ती कामं केली. पण ग्रिअर्सनचं आणि त्याचं फारसं जमलं नाही. ग्रिअर्सनला समाज सुधारणारा, ठणठणीत संदेश देणारा सिनेमा हवा होता. आणि हा गडी एखाद्या इंजिनाकडं किंवा घोड्याकडं तासभर बघत बसणारा. ग्रिअर्सनच्या माणसांना तो हौशी कलाकार वाटायचा.

नोकरी चालू असताना त्याचा दुसरा संसारही जोरात होता. १९३६ मध्ये लंडनला सररिअलिस्ट चित्रकारांचं मोठं आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरलं. ते भरवणाऱ्या मंडळींमध्ये जेनिंग्ज होता आणि त्याची स्वतःची कामंही तिथं लागली होती. याच प्रदर्शनात साल्वादोर दालीनं पाणबुड्याचा पोशाख घालून भाषण दिलं, आत हवा मिळेना म्हणून तो गुदमरला आणि लोकांना आधी ते नाटकच वाटलं, हा किस्सा जगभर सांगितला जातो.

या चित्रकारांचा एक साधा खेळ असतो. एकमेकांशी काही संबंध नसलेली दोन चित्रं कापायची आणि शेजारी शेजारी चिकटवायची. बघणाऱ्याच्या डोक्यात तिसरंच काहीतरी तयार होतं. याला कोलाज म्हणतात.

जेनिंग्ज कोलाज करायचा. पुढं त्याचे सिनेमे असे का झाले, त्याचं मूळ या कात्री आणि डिंकात आहे.

दोनशे लोकांना एकच दिवस लिहायला लावला

डिसेंबर १९३६. ब्रिटनचा राजा आठवा एडवर्ड यानं प्रेमासाठी गादी सोडली. पेपरवाले म्हणायला लागले की जनतेला असं वाटतं आणि जनतेला तसं वाटतं.

जेनिंग्ज, कवी चार्ल्स मॅज आणि टॉम हॅरिसन या तिघांना प्रश्न पडला की जनतेला काय वाटतं हे जनतेला विचारलं कुणी?

यातून १९३७ मध्ये ‘मास ऑब्झर्व्हेशन’ ही चळवळ सुरू झाली. हॅरिसन पॅसिफिकच्या बेटांवर तिथल्या लोकांचा अभ्यास करून आला होता. त्याचं म्हणणं साधं होतं. दूरच्या बेटावरच्या माणसांचा अभ्यास होतो, मग आपल्या गल्लीतल्या माणसांचा का नको? अभ्यासाच्या विषयांची त्यांची यादीही भन्नाट होती. युद्धस्मारकासमोर लोक कसे वागतात, गाडी चालवताना काय ओरडतात, दाढी कोण ठेवतं, असं काहीही त्यात होतं.

१२ मे १९३७ ला नव्या राजाचा, सहाव्या जॉर्जचा राज्याभिषेक होता. यांनी देशभरातल्या दोनशेहून जास्त सामान्य लोकांना सांगितलं की आजचा दिवस जसा गेला तसा लिहून पाठवा. ते सगळं एकत्र करून ‘मे द ट्वेल्फ्थ’ नावाचं पुस्तक निघालं. राजाच्या दिवसाची गोष्ट, पण सांगणारे सगळे साधे लोक.

या पुस्तकाच्या संपादनात जेनिंग्जचा मोठा हात होता. त्यानंतर तो चळवळीतून बाहेर पडला, पण एक गोष्ट त्याला पक्की कळली होती. देशाचा इतिहास लिहायचा तर लोक रोज काय करतात, काय गातात, कुठं उभे राहून चहा पितात, हे टिपून ठेवलं पाहिजे. कारण हीच गोष्ट सगळ्यात आधी विसरली जाते.

१९३९ मध्ये त्यानं ‘स्पेअर टाइम’ ही फिल्म केली. पोलाद, कापूस आणि कोळसा या तीन धंद्यांतले कामगार सुट्टीच्या वेळात काय करतात, एवढाच विषय. कुणी कबुतरं पाळतंय, कुणी बँडमध्ये वाजवतंय, कुणी समूहगायनाला जमलंय. तोवरच्या डॉक्युमेंट्रीत कामगार म्हणजे घाम गाळणारा हिरो. यानं कामगाराला संध्याकाळी घरी, गल्लीत, मैदानात जाऊन गाठलं.

युनिटमधल्या काही जणांना ही फिल्म आवडली नाही. शिकलेला माणूस गरिबांच्या करमणुकीकडं वरून बघतोय, असा आक्षेप आला. हा आक्षेप त्याच्या डोक्यात राहिला असावा. कारण पुढच्या फिल्ममध्ये कॅमेरा वरून बघताना दिसत नाही, लोकांच्या मधे उभा असतो.

बॉम्ब पडत होते आणि कॅमेरा चालू होता

७ सप्टेंबर १९४०. जर्मनीच्या विमानांनी लंडनवर मोठा हल्ला केला. त्यानंतर सलग ५७ रात्री शहरावर बॉम्ब पडत राहिले.

पोस्टाचं फिल्म युनिट आता माहिती मंत्रालयाकडं गेलं होतं आणि त्याचं नाव झालं होतं क्राउन फिल्म युनिट. काम सरळ होतं, युद्धाचा प्रचार. जेनिंग्जनं बायको आणि दोन्ही मुलींना अमेरिकेला पाठवून दिलं आणि स्वतः लंडनमध्ये राहिला.

हॅरी वॉटबरोबर त्यानं केलेली ‘लंडन कॅन टेक इट’ ही फिल्म अमेरिकेतल्या थिएटरमध्ये दाखवली गेली. अमेरिका तेव्हा युद्धात उतरलेली नव्हती. त्यामुळं निवेदनाला मुद्दाम एक अमेरिकी पत्रकार घेतला, क्वेंटिन रेनॉल्ड्स. रात्रभर बॉम्ब पडतात आणि सकाळी लोक काचांचे तुकडे ओलांडत कामाला जातात. संदेश पोचला.

पण खरा जेनिंग्ज दिसला तो १९४२ च्या ‘लिसन टू ब्रिटन’ मध्ये.

ही फिल्म जेमतेम २० मिनिटांची आहे आणि तिच्यात निवेदन नाही. सरकारी प्रचारपट आणि त्यात कुणी काही सांगतच नाही! अमेरिका आणि कॅनडातल्या लोकांना काही कळणार नाही या भीतीनं तिकडच्या प्रतीला सुरुवातीला एक छोटं भाषण जोडण्यात आलं. बाकी फिल्मभर फक्त देशाचे आवाज.

गव्हाच्या शेतावरून जाणारी विमानं. ब्लॅकपूलच्या मोठ्या हॉलमध्ये नाचणारी जोडपी. अंधारात खाणीत उतरणारे कामगार. रेल्वेत गाणारे कॅनडाचे सैनिक. शाळेच्या अंगणात फेर धरून नाचणारी पोरं, आणि त्याच गल्लीतून धडधडत जाणारी लष्करी वाहनं.

यातला सगळ्यात गाजलेला भाग बघा. कारखान्याच्या कँटीनमध्ये फ्लॅनगन आणि ॲलन ही त्या काळची लोकप्रिय जोडी गाणं म्हणतेय, कामगार जेवता जेवता शिट्टी वाजवतायत. त्या गाण्याचा शेवटचा सूर संपतो न संपतो तोच तिथं मोझार्टचं संगीत सुरू होतं. आपण नॅशनल गॅलरीत असतो. मायरा हेस पियानो वाजवतेय. श्रोत्यांमध्ये कारकून आहेत, सैनिक आहेत आणि खुद्द राणीही बसली आहे. दुसऱ्या एलिझाबेथची आई.

गॅलरीच्या भिंतींवर मोकळ्या चौकटी दिसतात. कारण बॉम्बच्या भीतीनं त्यातली चित्रं वेल्समधल्या एका पाटीच्या दगडाच्या खाणीत हलवली होती. आणि मोझार्ट तसाच वाजत राहतो, तोवर पडद्यावर रणगाड्यांचा कारखाना येतो.

कँटीन आणि कॉन्सर्ट, मोझार्ट आणि रणगाडा. चित्रकारानं कोलाज करावं तसं. यातून देश एक आहे हे बघणाऱ्याला स्वतःहून वाटतं, कुणी भाषण ठोकावं लागत नाही.

याचं श्रेय एकट्या जेनिंग्जला देऊन चालणार नाही. एडिटर स्टुअर्ट मॅकॲलिस्टर हाही मुळात चित्रकलेचं शिक्षण घेतलेला माणूस. ‘लिसन टू ब्रिटन’ च्या श्रेयनामावलीत दिग्दर्शन आणि संकलन अशा दोन्हींसाठी दोघांची नावं एकत्र आहेत. सिनेमात असं क्वचित होतं.

विझलेल्या शहरात पुन्हा आग लावली

१९४२ च्या सुरुवातीला जेनिंग्जनं लंडनच्या अग्निशमन दलावर फिल्म करायला घेतली. अडचण एकच होती. तोवर लंडनवरचे मोठे हल्ले थांबले होते. आग कुठून आणायची?

मग त्यानं गोदीच्या भागात, आधीच बॉम्बनं पडलेल्या गोदामात, पुन्हा आग लावली. आणि ती विझवायला नट आणले नाहीत. वर्षभरापूर्वी ज्यांनी खऱ्या आगी विझवल्या होत्या, त्याच जवानांना घेतलं.

कुणी आधी टॅक्सी चालवत होता, कुणी लेखक होता. स्क्रिप्टचं बाड नव्हतं, बरेचसे संवाद त्यांच्याच तोंडचे. ज्या जागी दोस्त गेले, त्याच जागी उभं राहून तीच रात्र पुन्हा जगायची, असं ते काम होतं. आपण ज्याला आठवण म्हणतो ती नुसती डोक्यात नसते, हातापायात असते. पाइप कसा धरायचा, शिडीवर पाय कुठं ठेवायचा, हे त्यांना सांगावं लागत नव्हतं.

‘फायर्स वेअर स्टार्टेड’ १९४३ मध्ये आली. शेवटी एक जवान मरतो, त्याची अंत्ययात्रा निघते आणि ज्या जहाजाला वाचवण्यासाठी तो गेला ते जहाज बंदरातून बाहेर पडतं. वितरकांना फिल्म संथ वाटली, म्हणून तिला कात्री लावावी लागली. पण आजही अनेक जण हीच त्याची सगळ्यात मोठी फिल्म मानतात.

एका गावाचं मरण दुसऱ्या गावानं अंगावर घेतलं

याच वर्षी त्यानं आणखी एक फिल्म केली, ‘द सायलेंट व्हिलेज’. तिच्यामागची घटना भयंकर आहे.

१९४२ च्या मे महिन्यात चेक क्रांतिकारकांनी प्राग शहरात राइनहार्ड हायड्रिक या नाझी अधिकाऱ्यावर हल्ला केला. काही दिवसांनी तो मेला. बदला म्हणून नाझींनी १० जून १९४२ ला लिडिसे हे गाव निवडलं. खाणकामगार आणि पोलाद कामगारांचं साधं गाव. गावात सापडलेल्या १७३ पुरुषांना गोळ्या घातल्या. बायकांना छळछावणीत पाठवलं. बहुतेक लहान मुलांना विषारी वायूनं मारलं. घरं जाळली, पाडली आणि नकाशावरून गावाचं नाव पुसायला घेतलं.

जेनिंग्जनं विचार केला की हे गाव वेल्समध्ये असतं तर?

त्यानं दक्षिण वेल्समधलं कूमगीद हे खाणकामगारांचं गाव गाठलं. तिथं कामगारांच्याच घरी मुक्काम ठोकला. आणि लिडिसेची गोष्ट त्या गावातल्या लोकांना घेऊन, त्यांच्याच घरात, शाळेत आणि चर्चमध्ये चित्रित केली. नट एकही नाही.

फिल्ममध्ये नाझी जवळपास दिसतच नाहीत. येते ती एक काळी गाडी आणि तिच्यावरचा भोंगा. त्या भोंग्यातून एकेक हुकूम सुटतो. मग एक दिवस शाळेतल्या बाई मुलांना सांगतात की उद्यापासून वर्गात आपली भाषा बोलायची नाही.

वेल्सच्या लोकांना हे सांगायला नाझींची गरज नव्हती. १९ व्या शतकात त्यांच्याच शाळांमध्ये वेल्श बोलणाऱ्या पोराच्या गळ्यात लाकडाची पाटी अडकवली जायची. त्यामुळं या प्रसंगात गावकऱ्यांना अभिनय करावा लागला नसणार.

शेवटी पुरुष चर्चच्या भिंतीपाशी उभे राहतात आणि वेल्सचं राष्ट्रगीत गातात. तिथं फिल्म मान खाली घालायला लावते.

पण आपण भारतीयांनी हे कसं बघायचं?

आता इथं थोडं थांबू.

‘लिसन टू ब्रिटन’ आली ते वर्ष १९४२. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मुंबईच्या गवालिया टँक मैदानावरून ‘चले जाव’ ची हाक गेली आणि त्याच ब्रिटिश सरकारनं गांधीजींसह सगळ्या नेत्यांना तुरुंगात टाकलं.

लिडिसे जूनमध्ये जाळलं गेलं. दोनच महिन्यांनी, १६ ऑगस्टला, आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या चिमूरमध्ये उठाव झाला. जमावानं सरकारी अधिकाऱ्यांना मारलं आणि मग गावात घुसलेल्या फौजफाट्यानं गावावर, गावातल्या बायकांवर अत्याचार केले. चौकशी व्हावी म्हणून प्रा. भन्साळींनी ६३ दिवस उपोषण केलं. सरकारनं त्याच्या बातम्यांवरही निर्बंध घातले.

लिडिसे आणि चिमूर एका मापानं मोजता येणार नाहीत. पण लिडिसेवर फिल्म करायला पैसे देणारं सरकार चिमूरची बातमी दाबत होतं, एवढं मात्र खरं.

जेनिंग्जच्या युद्धकाळातल्या गाजलेल्या फिल्ममध्ये आपल्याला हा हिंदुस्थान दिसत नाही. त्याचा ब्रिटन म्हणजे खाण, गोदी, शेत आणि गल्ली. साम्राज्य चौकटीच्या बाहेर राहिलं. प्रचारपट खोटं बोलतोच असं नाही, पण काय दाखवायचं नाही हे तो आधीच ठरवून बसलेला असतो. जेनिंग्जसारखा प्रामाणिक माणूसही यातून सुटला नाही.

गंमत म्हणजे त्याच काळात मुंबईतही ब्रिटिशांनी युद्धप्रचारासाठी फिल्म ॲडव्हायजरी बोर्ड काढलं होतं. तिथं लंडनच्या याच डॉक्युमेंट्री वर्तुळातून अलेक्झांडर शॉ यांना आणलं होतं आणि नंतर काही काळ आपले व्ही. शांताराम तिथं मुख्य निर्माते होते. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आलं. थिएटरमध्ये सिनेमा सुरू व्हायच्या आधी लागणारा तो सरकारी माहितीपट आठवतोय ना? त्याची वंशावळ पार लंडनच्या पोस्ट खात्यापर्यंत जाते.

युद्ध जिंकलं, आता पुढं काय?

१९४४ च्या शेवटी युद्ध संपत आलं होतं. जेनिंग्जनं एक बाळ निवडलं. ३ सप्टेंबर १९४४ ला, म्हणजे ब्रिटन युद्धात उतरल्याला बरोबर पाच वर्षं झाली त्या दिवशी जन्मलेलं. आणि ‘अ डायरी फॉर टिमोथी’ ही फिल्म त्या बाळाला लिहिलेल्या डायरीसारखी केली. मजकूर लिहिला कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर यांनी, आवाज दिला मायकेल रेडग्रेव्ह यांनी.

बाळ पाळण्यात आहे. आसपास एक शेतकरी, एक इंजिन ड्रायव्हर, एक जखमी वैमानिक आणि खाणीत जायबंदी झालेला एक कामगार. चौघंही आपापल्या जागी युद्ध संपायची वाट बघतायत.

या फिल्ममध्ये विजयाचा जल्लोष नाही. मागच्या युद्धानंतर कामगारांच्या वाट्याला बेकारी आली होती, ही आठवण त्यात आहे. आणि बाळासमोर प्रश्न ठेवलेला आहे की मोठा झाल्यावर तू हे जग तसंच राहू देणार की बदलणार? सरकारी पैशातून, युद्ध जिंकत असताना, असा प्रश्न विचारणं सोपं नव्हतं.

युद्धानंतर तो जर्मनीत गेला आणि ‘अ डिफीटेड पीपल’ केली. ज्यांच्या विमानांनी त्याचं शहर भाजून काढलं, त्यांचीच उद्ध्वस्त शहरं आता त्याच्या कॅमेऱ्यासमोर होती. ढिगाऱ्यात नातेवाईक शोधणारी माणसं होती. त्यानं तिथंही माणसंच टिपली.

पण मायदेशी त्याची गाडी पहिल्यासारखी धावली नाही. युद्धानं सगळ्यांना एका चौकटीत आणलं होतं, ती चौकट निघून गेली. १९४६ ते १९५० मध्ये त्यानं मोजक्याच फिल्म केल्या. त्या चांगल्या आहेत, पण ‘लिसन टू ब्रिटन’ ची धग त्यांच्यात नाही, असं बहुतेक जाणकार म्हणतात.

कात्रणांचं भलंमोठं बाड

या सगळ्या धावपळीत एक काम तो १९३० च्या दशकापासून गुपचूप करत होता.

जुनी पुस्तकं, पत्रं, डायऱ्या, शास्त्रज्ञांच्या नोंदी, कामगारांचे जबाब. यातून तो उतारे उतरवून काढत होता. १६६० ते १८८६. विषय एकच, यंत्र आलं तेव्हा माणसाला काय वाटलं?

इतिहासात आपण शिकतो की वाफेचं इंजिन कुणी लावलं आणि गिरणी कधी सुरू झाली. जेनिंग्जला हवं होतं ते वेगळंच. पहिल्यांदा रेल्वे बघणाऱ्याच्या पोटात गोळा आला का? रात्री भट्ट्यांचा उजेड बघून त्याला काय आठवलं? शेतावरचा माणूस गिरणीत गेला तेव्हा त्याच्या दिवसाचं काय झालं?

वेल्समध्ये शूटिंग करताना तिथल्या खाणकामगारांसमोर त्यानं याच विषयावर बोलायला सुरुवात केली आणि कामाला पुन्हा जोर आला. ज्यांच्या आजोबा-पणजोबांनी ती क्रांती खांद्यावर वाहिली, तेच आता श्रोते होते.

पुस्तकाला नाव दिलं ‘पॅन्डेमोनियम’. मिल्टन या कवीनं नरकाच्या राजधानीला दिलेलं हे नाव. सैतानाची फौज जमीन खणून, धातू वितळवून ते शहर उभारते. जेनिंग्जला त्यात कारखान्यांचा जन्म दिसला. पुस्तकाची सुरुवात त्यानं तिथूनच केली.

पद्धत पुन्हा तीच, कोलाजची. उतारा शेजारी उतारा.

पोरोसच्या कड्यावर

सप्टेंबर १९५०. युरोपातल्या आरोग्यव्यवस्थेवर एक फिल्म करायची होती. जागा बघायला जेनिंग्ज ग्रीसमधल्या पोरोस बेटावर गेला.

२४ सप्टेंबरला शूटिंगची जागा शोधता शोधता तो एका कड्यावरून खाली पडला. त्यातच तो गेला. वय फक्त ४३.

त्याला अथेन्समध्ये पुरण्यात आलं. ब्रिटनच्या मातीवर एवढी वर्षं कॅमेरा रोखणारा माणूस परक्या मातीत राहिला. १९५१ च्या ‘फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन’ साठी त्यानं केलेली ‘फॅमिली पोर्ट्रेट’ ही फिल्म लोकांसमोर त्या महोत्सवात आली, तेव्हा तो नव्हता.

१९५४ मध्ये लिंडसे अँडरसन या तरुण समीक्षकानं त्याच्यावर लेख लिहिला आणि ब्रिटिश सिनेमातला खरा कवी म्हणून त्याला सगळ्यांच्या वरची जागा दिली. अँडरसन पुढं स्वतः मोठा दिग्दर्शक झाला. तेव्हापासून जेनिंग्जचं नाव सिनेमा शिकणाऱ्यांच्या तोंडी राहिलं.

कात्रणांचं बाड मात्र तसंच पडून होतं. मुलगी मेरी-लू आणि जुना दोस्त चार्ल्स मॅज यांनी ते निवडलं, लावलं आणि १९८५ मध्ये पुस्तक छापून आलं. लेखक जाऊन ३५ वर्षं झाली होती.

आणि त्यानंतर २७ वर्षांनी त्याच पुस्तकातून ऑलिम्पिकच्या मैदानात धुराडी उगवली. जगभरातल्या कोट्यवधी लोकांनी ती पाहिली. त्यातल्या बहुतेकांना जेनिंग्ज हे नाव माहीतही नव्हतं.

मुंबईत गिरणगाव होतं. आज तिथं टॉवर आणि मॉल आहेत, मधे एखादं जुनं धुराडं अजून उभं दिसतं. ते बघून कुणाच्या आजोबाला भोंगा आठवतो, कुणाला चाळीतली भजनं, कुणाला १९८२ चा संप. धुराडं पाडायला फार वेळ लागत नाही, आणि आजोबांना विचारायचं राहून गेलं तर मग सांगायला कुणी उरत नाही. जेनिंग्ज आयुष्यभर ही विचारपूस करत फिरला.

कधी २० मिनिटं मोकळी मिळाली तर ‘लिसन टू ब्रिटन’ बघा. कानाला हेडफोन लावून बघा. आणि मग घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाशेजारी जाऊन बसा आणि त्यांच्या लहानपणी सकाळी गल्लीत कुठले आवाज यायचे ते विचारा.